राज्यधर सुताराचं नगर

समुद्राकाठी हेमपूर नावाचं एक नगर आहे. तिथे बाजार भरलेला असतो, रस्त्यानं बायामाणसं येतात-जातात, राजवाड्यासमोर हत्ती-घोडे उभे असतात. वत्सदेशाचा राजपुत्र नरवाहनदत्त आपला मित्र गोमुख याला घेऊन तिथे पोचतो. बाजारातून चालता चालता त्याच्या लक्षात येतं की माणसं हलतात, वळतात, व्यवहार करतात, पण कुणाच्याही तोंडून शब्द निघत नाही. निरखून पाहिलं तर सगळी लाकडाची. गिऱ्हाईक लाकडी, दुकानदार लाकडी, वाड्यातले हत्ती-घोडेही लाकडी. सोन्याच्या वाड्यात आत आत गेल्यावर सिंहासनावर एक पुरुष बसलेला दिसतो. त्याच्या भोवतीचे पहारेकरी आणि दासीही लाकडाच्याच. शरीरातल्या जड इंद्रियांना जीव जसा हलवतो, तसा तो एकटा त्या सगळ्या नगराला हलवत असतो. तो कोण, म्हणून विचारलं तर कळतं की तो राजा नाही. तो राज्यधर नावाचा सुतार आहे.

ही कथा सोमदेवाच्या ‘कथासरित्सागरा’त, रत्नप्रभा नावाच्या सातव्या लंबकात, त्रेचाळिसाव्या तरंगात आहे. सोमदेव काश्मीरचा. राजा अनंताची राणी सूर्यवती हिचं मन रमावं म्हणून साधारण 1063 ते 1081 या काळात त्यानं हा ग्रंथ रचला. 18 लंबक, 124 तरंग आणि एकवीस हजारांवर श्लोक. पण कथा त्याच्या स्वतःच्या नाहीत, आणि हे तो स्वतःच सांगतो. त्या गुणाढ्याच्या आहेत, आणि गुणाढ्य आपल्या पैठणचा.

मी भंडारा जिल्ह्यातल्या दिघोरीचा, लाखांदूर तालुक्यातला. धानाचा मुलूख. माझे बाबा सुतार होते. बंड्या, नांगर, वखर, दारांच्या चौकटी, लेकरांचे पाळणे हे त्यांचं रोजचं काम. दिवाळीनंतर गावोगावी मंडई भरू लागली की दंडारीच्या आणि नाटकाच्या मंडळींसाठी ते गदा, तलवारी आणि सिंहासनंही करून देत. मी शाळामास्तर झालो. वाकस माझ्या हातात कधी नीट बसला नाही, पण लाकडाचा वास ओळखता येतो. म्हणून जगातल्या सगळ्या अद्भुत यंत्रांच्या कथांमध्ये मला ही सर्वांत जवळची वाटते. जग घडवणारं यंत्र इथे देवाच्या हातात नाही, ऋषीच्याही नाही. ते सुताराच्या हातात आहे, आणि कथाकारानं त्याचं नाव, गाव, भाऊ, भूक, भीती हे सगळं सांगितलं आहे. आपल्याकडे कारागिराचं नाव दगडावरही फारसं कोरलेलं सापडत नाही. इथे ते कथेच्या मध्यभागी आहे.

राज्यधर आपली हकिगत अशी सांगतो. कांची नगरीत बाहुबल राजाच्या राज्यात प्राणधर आणि राज्यधर हे दोघे सुतार भाऊ राहत. मयासुरानं शोधलेली लाकडाची यंत्रं करण्यात दोघे तरबेज. थोरला प्राणधर वेश्यांच्या नादी लागला, बापाची कमाई उडवली, धाकट्याचीही उडवली. मग त्यानं लाकडी हंसांची एक जोडी केली. रात्री दोरीला बांधून ते हंस तो राजाच्या कोषागारात खिडकीतून सोडी, आणि हंस चोचीत दागिने धरून परत येत. कुलपं शाबूत, मोहरा शाबूत, आणि आतला ऐवज मात्र घटत चाललेला. खजिनदारानं राजाला सांगितलं, राजानं रात्री आत पहारेकरी बसवले आणि हंस पकडले गेले. वर उभ्या प्राणधराच्या हातातली दोरी सैल पडली. त्या क्षणी त्याला कळलं की आता पहाटेपर्यंत थांबायचं नाही.

थोरल्याकडे वाऱ्यावर चालणारं विमान होतं. कळ फिरवली की एका दमात 800 योजनं जाणारं. त्यात बायकापोरं घालून तो निघून गेला. धाकटा दुसऱ्या विमानातून एकटाच निघाला, आणि भीतीपोटी ठरवलं होतं त्याहून पुढे गेला. समुद्र जवळ आला तसं विमान सोडून पायी चालत तो या ओसाड नगरात शिरला. वाडा रिकामा, शेज तयार. देवाच्या कृपेनं मनात आणलं की जेवण समोर येई. अंगावर वस्त्रं आली, खाण्यापिण्याची ददात मिटली. फक्त माणूस नव्हतं. म्हणून त्यानं हत्यारं हातात घेतली आणि लाकडाची माणसं केली.

आमच्याकडे बोलण्यात ‘करमत नाही’ हे फार येतं. लेक सासरी गेली की आईला करमत नाही, धान कापून झालं की मजुराला करमत नाही. राज्यधराला करमत नव्हतं, आणि नगर त्यातून उभं राहिलं. सत्तेसाठी नाही, संपत्तीसाठी नाही. जग निर्माण करणाऱ्या यंत्रामागे इतकं साधं कारण ठेवणारा कथाकार मला फार मोठा वाटतो.

आता या सगळ्या यंत्रविद्येचं मूळ कुठे आहे, तेही याच ग्रंथात सापडतं, थोडं आधी, सहाव्या लंबकात. तक्षशिलेच्या राजा कलिंगदत्ताची मुलगी कलिंगसेना आणि मयासुराची मुलगी सोमप्रभा या दोघी जिवाभावाच्या मैत्रिणी. सोमप्रभा एकदा मैत्रिणीकडे येताना टोपली घेऊन येते. टोपलीत लाकडी बाहुल्या. एकीची खुंटी नुसती दाबली की ती आकाशातून जाऊन फुलांची माळ घेऊन येते. दुसरी पाणी आणते, तिसरी नाचते, चौथी गप्पा मारते. पुढे सोमप्रभा एक यंत्रयक्षही सोडते. तो उडत जाऊन मोती, रत्नं आणि सोन्याची कमळं घेऊन येतो, आणि ती त्यांनी बुद्धाची पूजा करते. राजा-राणी बघत राहतात.

कलिंगसेनेचे वडील विचारतात, हे आहे तरी काय? सोमप्रभेच्या उत्तरापाशी मी दरवेळी थांबतो. ती सांगते, ही यंत्रं माझ्या वडिलांनी केली. हे अवघं जग म्हणजे पंचमहाभूतांचं एक मोठं यंत्र आहे आणि ही छोटी यंत्रंही तशीच पाच भूतांची आहेत. ज्यात पृथ्वीचा अंश जास्त, ते दारं बंद करतं. त्यानं बंद केलेलं दार इंद्रालाही उघडत नाही. पाण्याच्या यंत्रातून निघालेल्या आकृती जिवंत भासतात. अग्नीचं यंत्र ज्वाळा ओकतं. वायूचं यंत्र जाणं-येणं घडवतं. आणि आकाशाचं यंत्र बोलतं. ही सगळी मला वडिलांकडून मिळाली. मात्र अमृताची राखण करणारं चक्रयंत्र त्यांच्याशिवाय कुणालाच माहीत नाही.

म्हणजे मयाच्या टोपलीतली बाहुली आणि आपण राहतो ते जग, दोन्हींची घडण एकच. फरक आकाराचा. हा विचार कुणा तत्त्वज्ञाच्या सूत्रात आला असता तर मी कदाचित पान उलटून पुढे गेलो असतो. तो एका मुलीच्या तोंडी, बापाच्या कामाविषयीच्या अभिमानातून आला आहे.

बंडीच्या चाकाला धाव चढवताना मी लहानपणी पाहिलं आहे. तुंबा, त्यात बसवलेले आरे, वरची लाकडी कड, आणि त्यावर लोखंडी धाव. धाव चाकाच्या घेरापेक्षा किंचित लहान केलेली असते. गोवऱ्यांच्या आगीत ती तापवायची. लोखंड तापलं की पसरतं. मग लोहार आणि सुतार दोघं मिळून सांडशांनी उचलून ती जमिनीवर आडव्या ठेवलेल्या चाकावर बसवायचे. लाकूड पेट घेतं, धूर होतो, आणि लगेच घागरीनं पाणी. लोखंड आवळतं, आरे करकरतात, सगळे सांधे एकमेकांत घट्ट बसतात. ना खिळा, ना डिंक. जमीन, आग, पाणी आणि भात्यानं फुंकलेली हवा. सोमप्रभेचं उत्तर पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला हेच आठवलं. पंचमहाभूतांना कामाला लावणं ही कारागिराला रोज करावी लागणारी गोष्ट होती. ज्या कुणी ही कथा प्रथम रचली, त्यानं सुताराच्या आणि लोहाराच्या अंगणात बराच वेळ उभं राहून पाहिलं असणार, अशी माझी खात्री आहे.

धाव किती तापली म्हणजे उचलायची, हे बाबा रंगावरून सांगत. ‘अजून नाई, थांब,’ असं म्हणत म्हणत एकदम ‘आता’ म्हणत. तो रंग कोणता ते त्यांनी कुणाला शिकवलं नाही, मीही विचारलं नाही. गावात ट्रॅक्टर आले, बंड्यांना रबरी टायर आले आणि विचारायचं कारणच राहिलं नाही.

अमृताभोवतीचं ते चक्र महाभारताच्या आदिपर्वातही आहे. गरुड अमृत आणायला जातो तेव्हा त्याच्या वाटेत धारदार कडांचं, अखंड फिरणारं लोखंडी चक्र असतं, देवांनी राखणीसाठी बसवलेलं. गरुड अंग आकसून क्षणात दोन आऱ्यांमधून आत शिरतो. चाक बनवणाऱ्याच्या घरात वाढलेल्या माणसाला ही जागा लगेच पटते. चाकाची वाट आऱ्यांमध्येच असते. आणि मय म्हणजे तोच, ज्यानं इंद्रप्रस्थात पांडवांची सभा चौदा महिने खपून बांधली, जिथे दुर्योधनाला पाणी जमिनीसारखं आणि जमीन पाण्यासारखी दिसली. भासाची आणि खऱ्याची सीमा पुसणारा हा कारागीर आपल्या पुराणकथांत असुर आहे. तरी त्याच्याविषयी कुठे तिरस्कार नाही.

या कथांचा मूळ सांगणारा गुणाढ्य, त्याची गोष्ट महाराष्ट्रातल्या वाचकानं तरी विसरू नये. परंपरा सांगते की तो प्रतिष्ठानच्या, म्हणजे पैठणच्या सातवाहन राजाचा मंत्री. राजाला संस्कृत किती दिवसांत शिकवता येईल यावरून शर्ववर्म्याशी त्याची पैज लागली. गुणाढ्य म्हणाला सहा वर्षं, शर्ववर्मा म्हणाला सहा महिने. पैज हरल्यावर बोलल्याप्रमाणे गुणाढ्यानं संस्कृत, प्राकृत आणि देशी या तिन्ही भाषा सोडल्या आणि मुका होऊन विंध्याच्या अरण्यात निघून गेला. तिथे पिशाचांची भाषा शिकला आणि तिच्यात सात वर्षांत सात लाख श्लोक लिहिले. शाई नव्हती म्हणून स्वतःच्या रक्तानं. शिष्यांनी तो ग्रंथ पैठणला नेला. पिशाचांची भाषा आणि रक्ताची अक्षरं पाहून राजानं तो नाकारला. मग गुणाढ्यानं एका टेकडीवर अग्निकुंड पेटवलं आणि एकेक पान पशुपक्ष्यांना वाचून दाखवत जाळू लागला. हरणं, डुकरं, रेडे चरायचं सोडून भोवती बसले, त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. इकडे राजाच्या ताटातलं मांस सुकं यायला लागलं. कारण शोधत शिकारी अरण्यात पोचले, मागून राजा आला. तोवर सहा लाख श्लोक जळून गेले होते. उरला एक लाख, नरवाहनदत्ताचा. हेमपूर त्यातलं.

‘बृहत्कथा’ म्हणून ओळखला जाणारा तो पैशाची ग्रंथ आज उपलब्ध नाही. सोमदेव, क्षेमेंद्र, बुधस्वामी यांनी संस्कृतात उतरवलेलं तेवढंच हाती आहे. बुधस्वामीच्या ग्रंथातही सुतार आहेत. आकाशात उडणारं यंत्र करा, अशी आज्ञा झाल्यावर ते सांगतात की आम्हाला बाकीची यंत्रं येतात, पण आकाशयंत्र फक्त यवनांनाच ठाऊक. आपल्याला येत नाही ते येत नाही म्हणून सांगणारे हे कारागीर मला फार भावतात.

सातवाहन म्हटलं की लोकांना पैठण, नाशिक, जुन्नर आठवतं. आमच्या जिल्ह्याचा विचार कुणी करत नाही. वैनगंगेच्या काठावरच्या पवनीत 1969-70 साली नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणानं उत्खनन केलं. जगन्नाथ टेकडीखाली मोठा बौद्ध स्तूप निघाला, सातवाहन काळातली वस्ती निघाली. ज्या राजांच्या नावाभोवती गुणाढ्याची कथा गुंफलेली आहे, त्यांच्या काळातली माणसं आमच्या नदीकाठी राहत होती, पूजा करत होती, व्यापार करत होती. स्तूपांशीही एक यंत्रकथा जोडलेली आहे. ‘लोकपञ्ञत्ति’ या पाली ग्रंथात अजातशत्रूनं बुद्धाच्या अस्थींच्या राखणीला तलवारधारी यंत्रपुरुष ठेवल्याची कथा येते. तेही कारागिराच्या हातचे, आणि ती विद्या रोमच्या देशातून आलेली. यवन असो, रोम असो, कथाकारांना दूरच्या कारागिराचं श्रेय देताना कमीपणा वाटत नव्हता.

हे मी मुद्दाम सांगतो आहे. अशा कथा निघाल्या की हल्ली लगेच कुणीतरी म्हणतं, बघा, आपल्याकडे विमानं होती. ‘वैमानिकशास्त्र’ नावाच्या ग्रंथाचा तर बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या संशोधकांनी 1974 साली रीतसर अभ्यास केला. तो ग्रंथ विसाव्या शतकाच्या सुरुवातीचा आहे आणि त्यातली विमानं उडू शकणार नाहीत, असा त्यांचा निष्कर्ष होता. मला याचं दुःख होत नाही. राज्यधराचं विमान खरं उडालं असतं तर ते एक वाहन ठरलं असतं. ते कल्पनेत उडालं, म्हणून हजार वर्षांनी दिघोरीतल्या मास्तराला त्यात बसता येतं. मुलांना मी वर्गात हेच सांगत आलो की या कथांना प्रमाणपत्राची गरज नाही. त्यांना पुरावा म्हणून वापरलं की त्या लहान होतात.

कल्पनेतल्या यंत्रांच्या शेजारी प्रत्यक्ष यंत्रांचीही नोंद आहे. माळव्याच्या धार नगरीचा राजा भोज, सोमदेवाच्याच शतकातला. त्याच्या नावावरच्या ‘समरांगणसूत्रधार’ या वास्तुग्रंथाचा एकतिसावा अध्याय यंत्रांचा आहे. दिव्यात तेल घालणाऱ्या पुतळ्या, पाणी पिणारा हत्ती, दारावर उभा राहणारा लाकडी पहारेकरी, पोटात पारा तापवून उडायचा लाकडी पक्षी, असं बरंच आहे. बनवण्याची रीत पूर्ण दिलेली नाही, आणि ती गुप्त राहावी म्हणून दिली नाही, अज्ञानामुळे नव्हे, असं ग्रंथच बजावतो. पुन्हा तेच. कारागिराची विद्या घराबाहेर जात नाही.

दूर फिनलंडमध्येही असंच एक यंत्र आहे. एलियास ल्योनरूटनं लोकगीतं गोळा करून 1835 मध्ये ‘कालेवाला’ सिद्ध केलं, त्यातलं सांपो. ते इल्मारिनेन नावाच्या लोहारानं घडवलं. एका अंगानं पीठ, दुसऱ्या अंगानं मीठ, तिसऱ्या अंगानं पैसा दळणारं. त्याच्यासाठी भांडणं होतात, आणि पळवून नेताना ते समुद्रात पडून फुटतं. तिकडे लोहार, इकडे सुतार. पण सांपो भूक भागवतं. राज्यधराची भूक आधीच भागली होती, आणि त्यापुढचं काय, हा त्याचा प्रश्न होता.

त्याच्या लाकडी माणसांना वाचा का नाही? मयाच्या बाहुल्यांमधली एक तर गप्पा मारत होती. आकाशाचं यंत्र बोलतं हे सोमप्रभेनं सांगितलं आहे. राज्यधर मयाच्याच विद्येत तयार झालेला होता. तरी त्याची माणसं मुकी. कथाकारानं इथे माणसाच्या हाताची हद्द आखली असं मी समजतो. असुराला जमेल ते सुताराला जमणार नाही. आज खिशातला फोन मराठीत उत्तरं देतो, आमच्या गावातली पोरं त्याच्याशी तासन्‌तास बोलतात. सोमदेवानं आखलेली हद्द माणसानं ओलांडली आहे. पण हेमपुरात पोचलेल्या नरवाहनदत्ताला पाहून राज्यधर ज्या आनंदानं सिंहासनावरून उठला असेल, त्याचं कारण त्या हद्दीशी जोडलेलं नव्हतं. समोरचा माणूस त्यानं घडवलेला नव्हता, म्हणून तो उठला. तो कुठून आला, काय बोलेल, किती थांबेल, हे राज्यधराच्या हातात नव्हतं. स्वतः घडवलेल्या बोलक्या बाहुल्यांनीही ती भूक भागली नसती.

आणि मग हा सुतार काय करतो? पाहुण्याला जेवू घालतो, त्याची अडचण ऐकतो, आणि कर्पूरसंभव बेटावरच्या राजकन्येपर्यंत पोचायला त्याला आपलं वाऱ्यावरचं विमान देऊन टाकतो. एकटेपणाला कंटाळलेला माणूस पाहुण्याला अडवून ठेवत नाही. त्या बेटावर नरवाहनदत्ताला भेटतो तो परागंदा झालेला थोरला भाऊ प्राणधर. तिथेही तो सुतारकामच करतो आहे, आणि परतीचं मोठं विमान त्याच्याच हातचं. दोन्ही भावांच्या विद्येवाचून या राजपुत्राचं लग्न झालं नसतं.

ज्यांना मूळ वाचायचं आहे त्यांच्यासाठी मराठीत ह. अ. भावे यांचा अनुवाद आहे. इंग्रजीत सी. एच. टॉनी यांनी 1880 ते 1884 या काळात केलेला. पहिल्या पानापासून सुरुवात केली तर कथेतून कथा फुटत जाते आणि नवा वाचक गोंधळतो. मी सांगेन, थेट सातव्या लंबकातलं हेमपूर काढा, मग मागे येऊन सोमप्रभेची टोपली वाचा, आणि गुणाढ्याचं अग्निकुंड शेवटी.

आमच्या झाडीपट्टीत नाटक म्हणजे श्वास आहे. मंडईच्या रात्री दंडार, खडी गंमत, नाटक बघायला शेजारच्या गावांतून माणसं येतात, आणि वडशाच्या नाटक कंपन्यांचा हंगाम त्याच सुमारास सुरू होतो. यंदाच्या मंडईत पोरांकडून हेमपूरचा प्रवेश बसवायचा आहे. गावातल्या एका म्हाताऱ्या सुतारबाबांनी सिंहासन करून द्यायचं कबूल केलं आहे, सागाचं, खिळा न मारता. संवाद फक्त तिघांना आहेत, राज्यधराला, राजपुत्राला आणि गोमुखाला. बाकी सगळी लाकडाची माणसं. वर्गात कधीच हात वर न करणाऱ्या पोरापोरींची नावं मी त्यासाठी आधी लिहून घेतली आहेत. एकीनं विचारलं, लाकडी बाईनं हसलेलं चालेल का? पुस्तकात ते दिलेलं नाही, म्हणून तालमीत करून बघायचं ठरलं आहे.